भातुकली डॉट पॅकेज

"अगं, माझी माणसं ऐकत नाहीयेत!"

गुरुवार, रात्रीचे साडेनऊ. आतल्या खोलीत मी डेडलाइनशी कुस्ती खेळत होते आणि हॉलमधून आईची ही हाक. आधी वाटलं, बाबांबद्दल बोलतेय. पण बाबा तर सेकंड शिफ्टला, चाकणला. बाहेर येऊन बघते तर आई माझ्या जुन्या लॅपटॉपसमोर, चष्मा कपाळावर. स्क्रीनवर तीन माणसं स्वयंपाकघरात मख्ख उभी. 'जेवा' म्हणून क्लिक केलं की कोपऱ्यात ताटलीचं चित्र यायचं आणि पुढच्याच सेकंदाला गायब. भुकेची पट्टी लाल झालेली.

"उपाशी मरतील गं," आई म्हणाली. अगदी खरीखुरी काळजी!

तर मंडळी, ही माणसं म्हणजे 'द सिम्स ४' या गेममधले सिम्स. घर बांधा, सामान लावा, माणसं वसवा, त्यांना जेवू-खाऊ घाला, नोकरीला पाठवा, बिलं भरा. जिंकणं-हरणं भानगडच नाही. आईने पहिल्यांदा माझ्या खांद्यावरून डोकावून बघितलं आणि एका शब्दात परीक्षण उरकलं : "भातुकली."

याहून नेमकं मी दोन हजार शब्दांत लिहू शकले नसते. या भातुकलीच्या मुळाशी मात्र एक जळलेलं घर आहे. १९९१ मध्ये कॅलिफोर्नियातल्या ओकलंडच्या वणव्यात विल राइट या गेम डिझायनरचं राहतं घर खाक झालं. नव्याने संसार उभा करताना त्याला प्रश्न पडला, माणसाला घरात नक्की काय काय लागतं? त्या विचारातून फेब्रुवारी २००० मध्ये पहिला 'द सिम्स' आला. चौथा भाग सप्टेंबर २०१४ मध्ये आला आणि १८ ऑक्टोबर २०२२ पासून मूळ गेम चक्क फुकट झाला. 'फुकट' हा शब्द आईच्या कानावर पडला आणि आमच्या घरात अजून एक घर सुरू झालं.

आमचं खरं घर पिंपळे गुरवला, डायनासोर गार्डनच्या मागच्या गल्लीत. त्याचं नाव राजमाता जिजाऊ उद्यान, पण रिक्षावाल्याला डायनासोरच सांगावा लागतो. वन बीएचके. शेजारचं पिंपळे सौदागर म्हणजे आमची श्रीमंत मावशी, टॉवर-बिवरवाली. आमच्याकडे चार मजले आणि एक दिवसाआड पाणी, तेही नोव्हेंबर २०१९ पासून. त्यामुळे सिम्सच्या घरात नळ सोडला की पाणी येतंच, हे बघून आई पहिल्या दिवशी नुसती नळ सोडत बसली होती.

दुसऱ्या दिवशी मात्र तक्रारी सुरू. "हिला साडी नाही का?" "देवघर कुठेय?" "बांगड्या?" गेमवाल्यांनी २०२१ मध्ये मुंबईच्या फॅशन स्ट्रीटवरून एक कपड्यांचा संच काढला होता, पण तो विकत घ्यावा लागतो आणि आईला हवी होती रोजची सहावारी. तुळस तेवढी मिळाली. गेममध्ये बेसिलचं रोप आहे. आईच्या मते ही तुळशीची चुलतबहीण, चालतंय.

बाकीच्यासाठी मग मॉड्स आणि कस्टम कंटेंट. फंडा सोपा आहे. गेम बनवणारे घर देतात, खेळणारे त्यात आपला संसार घालतात. पहिल्या सिम्सच्या वेळीच मॅक्सिस कंपनीने भिंती आणि कपडे बनवायची साधनं लोकांच्या हातात दिली होती. त्या दिवसापासून जगभरची हौशी मंडळी हेच करतायत. साडी शिवणारे आहेत, झुंबरं बनवणारे आहेत, गेमचे नियमच बदलून टाकणारेही आहेत. 'डेडरपूल' या टोपणनावाच्या माणसाचं 'एमसी कमांड सेंटर' तर अनेकांच्या घरात मीठ-तेलासारखं असतं.

टाकायचं कसं? डॉक्युमेंट्स, त्यात इलेक्ट्रॉनिक आर्ट्स, त्यात द सिम्स ४, त्यात मॉड्स. झिप आली तर आधी उघडायची आणि आतल्या फायली या फोल्डरमध्ये ठेवायच्या. 'पॅकेज' नावाने संपणारी फाइल म्हणजे साडी, देवघर, खुर्ची किंवा गेमच्या नियमांतली छोटी दुरुस्ती. ती मॉड्सच्या आत पाच फोल्डर खोल असली तरी गेमला सापडते. 'टीएस४स्क्रिप्ट' नावाने संपणारी म्हणजे प्रोग्राम. ती एका फोल्डरपेक्षा खोल टाकली की गेमला दिसतच नाही! (आणि ती अजिबात उघडायची नाही, आहे तशीच ठेवायची.) मग गेम ऑप्शन्समध्ये 'अदर' या पानावर जाऊन दोन चौकोनांवर टिक करायची, एक कस्टम कंटेंट आणि मॉड्ससाठी, दुसरी स्क्रिप्ट मॉड्ससाठी. गेम बंद, पुन्हा चालू. झालं! एवढं करूनही काही दिसलं नाही, तर तुमचं डॉक्युमेंट्स गुपचूप वनड्राइव्हमध्ये गेलंय का बघा. माझा अख्खा रविवार तिथे गेलाय.

चार महिन्यांत आमच्या फायली झाल्या ४१२. आई म्हणायची, "ती मोरपंखी मिळते का बघ ना." मी बघायचे. दुकानात इतक्या साड्या कधी काढायला लावल्या नसतील तिने कुणाला.

आणि त्या गुरुवारी गेमचा नवा पॅच आला. पॅच आला की गेम स्वतःहून सगळे मॉड्स बंद करतो. हे आपल्या भल्यासाठीच असतं. गेमचं आतलं काम बदललेलं असतं आणि जुन्या मॉड्सना त्याचा पत्ता नसतो. साड्या-खुर्च्या बहुतेक वेळा तरून जातात, स्क्रिप्टवाल्यांची वाट लागते. शहाणी माणसं दोन-चार दिवस थांबतात, मॉड बनवणाऱ्यांनी नवी आवृत्ती काढली का बघतात. मी काय केलं? दोन्ही टिका परत केल्या आणि "खेळ आई" म्हणून आत गेले. डेडलाइन होती ना!

पुढचं तुम्हाला माहीत आहे. माणसं ऐकेनात.

"सरक, पाच मिनिटांत करते," मी म्हणाले. मॉड्सचं फोल्डर उचलून डेस्कटॉपवर टाकलं आणि आईचाच खेळ उघडला. सिम्स टुणकन हलले! म्हणजे चोर मॉड्समध्येच. मी खुशीत सेव्ह केलं. थोडे मॉड्स परत टाकले, उघडलं, बघितलं, सेव्ह केलं. अजून थोडे, परत सेव्ह. असं पाच वेळा. शेवटी सगळे मॉड्स परत टाकून घर उघडलं तर साडी नाही, देवघर नाही. बायको टी-शर्ट आणि जीन्समध्ये. आणि वरच्या मजल्यावरच्या एका खोलीत फक्त चार भिंती आणि एक बंद दार.

माझ्या पोटात गोळा आला. कारण चूक शुद्ध बावळटपणाची होती. मॉड काढून घर उघडलं की त्यातलं सामान गेमला ओळखू येत नाही, तो ते उचलून बाजूला करतो. तोवर काही बिघडलेलं नसतं. पण तशात सेव्ह केलं की गेमच्या दृष्टीने ते सामान त्या घरात कधी नव्हतंच. फायली परत आणल्या तरी वस्तू जागेवर येत नाहीत.

"ही रिकामी खोली कसली गं?" मी विचारलं. विषय बदलायला, खरं तर.

"माझी."

"म्हणजे बेडरूम?"

"नाही. माझी खोली. खिडकीशी खुर्ची होती. देवघर, एक पलंग, पुस्तकांचं कपाट. दाराला कुलूप लावता येतं त्यात. माझ्या बाईशिवाय कुणाला आत जाता येत नाही."

"आणि मी कुठे झोपते?"

"हॉलमध्ये. तुला काय, कुठेही झोप लागते."

आई हे हसत म्हणाली. मला हसू आलं नाही. आमच्या वन बीएचकेत एक बेडरूम आहे आणि ती माझी आहे. माझे कॉल्स, माझं टेबल, माझी डेडलाइन. बाबा हॉलमधल्या दिवाणावर. आणि आई गेली कित्येक वर्षं रात्री अकराला हॉलमध्ये गादी घालते आणि पहाटे साडेपाचला गुंडाळून ठेवते. तिच्या वस्तू ठेवायला स्वयंपाकघरातला एक कप्पा आहे, त्यातही निम्मे माझे जुने चार्जर. चार महिने मी तिला साड्या शोधून देत होते. त्या घराच्या वरच्या मजल्यावर काय चाललंय, हे एकदाही बघितलं नव्हतं.

"जाऊ दे," आई म्हणाली. "खेळच तर आहे." आणि दूध तापवायला उठली.

हे "जाऊ दे" मी फार वेळा ऐकलंय.

रात्री साडेअकराला मला हवं ते बटण सापडलं. 'लोड गेम'मध्ये सेव्हवर क्लिक केलं की 'रिकव्हर सेव्ह' असा पर्याय येतो. गेम प्रत्येक सेव्हच्या मागच्या पाच प्रती गुपचूप ठेवत असतो! यादी उघडली, तारीख-वेळेनिशी. पहिली प्रत माझी. दुसरी माझी. तिसरी, चौथीही माझीच. पाचवी : बुधवार, संध्याकाळी सहा वाजून चाळीस मिनिटं. आईची. मी सहाव्यांदा सेव्ह केलं असतं तर तीही गेली असती.

मॉड्स सगळे जागेवर ठेवून ती प्रत उघडली. खिडकीशी खुर्ची, देवघर, कपाट, मोरपंखी साडी. सिम अजून मख्खच उभी होती, पण खोली जागेवर होती. लगेच नव्या नावाने सेव्ह केलं आणि अख्खं सेव्ह्जचं फोल्डर पेनड्राइव्हवर घेतलं. मग कुठे श्वास घेतला.

चोर शोधणं अजून बाकी होतं. ते शुक्रवारी, नीट रीतीने केलं. याला फिफ्टी-फिफ्टी म्हणतात. सगळे मॉड्स बाहेर काढा. द सिम्स ४ फोल्डरमधली 'लोकलथंबकॅश' नावाची फाइल उडवा, तिच्यात जुनं उष्टं-खरकटं साठतं आणि गेम ती पुन्हा नवी बनवतो. मग जुनं घर न उघडता एक नवाकोरा खेळ सुरू करा. गडबड नसेल तर मॉड्स निम्मे परत टाका. गडबड दिसली तर चोर या निम्म्यात, नाही तर बाकीच्या. चोर असलेल्या निम्म्याचे परत निम्मे. ज्या मॉडला स्क्रिप्ट आणि पॅकेज अशा दोन्ही फायली आहेत, त्या जोडीने हलवा. ऐकायला कंटाळवाणं वाटतं, पण गणित भन्नाट आहे. ४१२ चे २०६, १०३, ५२... नऊ फेऱ्यांत एका फायलीवर!

आणि ती फाइल कुठली निघाली माहितीये? सिम्सची घरकामं पटापट उरकावीत म्हणून मी हौसेने टाकलेलं एक छोटंसं स्क्रिप्ट. आईच्या बाईला स्वयंपाकघरातून लवकर सुटका मिळावी म्हणून!

"मी सांगितलं होतं का?" आईने विचारलं.

नव्हतं सांगितलं. काढून टाकलं. माणसं जेवायला बसली.

तुमच्या घरी कुणाची अशी भातुकली चालू असेल, तर ही चतुःसूत्री फ्रिजवर चिकटवा :

- पॅच यायच्या आधी सेव्ह्ज, ट्रे आणि मॉड्स या तीन फोल्डरची प्रत दुसरीकडे काढून ठेवा.

- पॅचनंतर आधी स्क्रिप्ट मॉड्सच्या नव्या आवृत्त्या बघा, टिक नंतर.

- फायली एकत्र ढिगात टाकू नका. कपडे, सामान, स्क्रिप्ट असे वेगळे फोल्डर करा, आणि कुठली कधी आणली ते लिहून ठेवा.

- चाचणी नेहमी नव्या खेळात. दुसऱ्याच्या घरात शिरून सेव्ह दाबायचं नाही. कध्धीच नाही!

जाता जाता : रविवारी मी माझं टेबल हॉलमध्ये आणलं. आई म्हणाली, "फोन आला तर?" म्हटलं, गॅलरीत जाईन. बेडरूममधल्या खिडकीशी आता एक खुर्ची आहे. कपाटातले दोन खण मी रिकामे केले. आईने त्यात आधी माझीच इस्त्रीची बोचकी ठेवली, ती मी परत काढली. दोन दिवस ती खोलीत नुसती डोकावून जायची, पाहुण्यासारखी.

मंगळवारी दुपारी दोन वाजता तिने आत जाऊन दार लावलं. अर्ध्या तासाने बाबांनी ठोठावलं. त्यांचा चष्मा सापडत नव्हता.

आतून आवाज आला : "लॉक आहे!"