मिरासदार आणि उपरी

सॅली रूनी यांच्या 2018 च्या कादंबरीवरून लेनी अब्राहमसन आणि हेटी मॅकडोनल्ड यांनी 2020 साली दिग्दर्शित केलेल्या ‘नॉर्मल पीपल’ या बारा भागांच्या मालिकेची स्तुती बहुधा तिच्यातील निःसंकोच शृंगारासाठी झाली, आणि आयर्लंडच्या नभोवाणीवर काही श्रोत्यांनी जो गहजब केला तोही त्याच कारणासाठी. माझ्या मते तिचा खरा विषय वहिवाट हा आहे; एखाद्या जागी कोण हक्काने वावरतो आणि कोण परवानगीने, याचा ती तपास घेते.

स्लायगो परगण्यातील शाळेत फुटबॉल गाजवणारा कॉनेल मिरासदार आणि वकील आईची धनाढ्य, तिखट जिभेची मुलगी मारियान उपरी. वस्तुतः कॉनेलची आई लोरेन मारियानच्याच घरी साफसफाईचे काम करते. परंतु शाळेच्या आवारात पैशाचा अंमल चालत नाही, आणि म्हणून जिच्यावर चोरून प्रेम केले तिला डावलून निरोपाच्या नृत्यसमारंभासाठी दुसऱ्याच मुलीला बोलावण्याचे धाडस, किंवा भेकडपणा, त्याला परवडतो.

डब्लिनच्या ट्रिनिटी महाविद्यालयात फासे उलटतात. गॅरेथ नावाच्या विद्यार्थ्याच्या घरी मेजवानीला गेलेल्या कॉनेलला कळते की यजमानाची प्रेयसी मारियानच आहे, आणि त्या घोळक्यात आता बुजलेला तो आहे. (आपल्याकडच्या मालिकेत अशा प्रसंगी पार्श्वसंगीताने आधीच दवंडी पिटली असती.) दोघे पुन्हा एकत्र येतात, पण उन्हाळ्यात उपाहारगृहातील काम सुटून खोलीचे भाडे थकण्याची वेळ येते, तेव्हा जिच्या प्रशस्त सदनिकेत त्याच्या बहुतेक रात्री जातात तिला ‘मी इथेच राहू का?’ एवढे चार शब्द विचारणे त्याला साधत नाही. तो गावी परततो आणि ती समजते की आपल्याला सोडले.

हा गैरसमज ओढूनताणून आणलेला आहे, हा आक्षेप मला मान्य नाही. ज्याच्या आईने त्या घरचे वेतन घेतले त्याने त्याच घराण्याकडे आसरा मागणे म्हणजे पुन्हा चाकरीत रुजू होणे, असे त्याला वाटत असणार; आणि जिने भाड्याचा हिशेब कधी केलाच नाही तिला आपल्या हाती कोणती मुखत्यारी आहे याचा पत्ताही नसतो, मग तिच्यापुढे अर्ज करायचा तरी कसा? पुढे दोघेही शिष्यवृत्तीची परीक्षा उत्तीर्ण होतात. तिच्या दृष्टीने तो बहुमान, त्याच्या दृष्टीने शुल्क, निवास आणि भोजन. प्रीतीला न साधलेली बरोबरी महाविद्यालयाचा खजिना काही अंशी साधून देतो.

काही अंशीच, कारण मित्राच्या आत्महत्येनंतर समुपदेशिकेसमोर बसलेला कॉनेल, गाव सोडले ते निराळ्या आयुष्याच्या आशेने आणि आता तेथे परतताही येत नाही, असे सांगताना ढसाढसा रडतो, आणि कॅमेरा त्याच्या चेहऱ्यावरून हलण्याची घाई करत नाही. मारियानच्या वाट्याला मात्र एवढा संयम येत नाही. स्वीडनमधील छायाचित्रकाराच्या हातून ती करून घेते ती आत्मविटंबना, तिची घरच्या मारहाणीशी घातलेली सांगड, हे सारे भराभर उरकले जाते. त्याच्या दुःखाची अशी साक्षेपाने तपासणी करणाऱ्या मालिकेने तिच्या दुःखावर नुसता शेरा मारून कागद पुढे सरकवावा, हा पक्षपात मला खटकला.