फडताळातला कागद

परवा माहेरी फडताळ आवरताना खाली अंथरलेला पेपर काढला, तर त्यात जमीन संपादनाची जाहीर नोटीस! गट नंबर आमच्याच मळ्याचा. हायवेला पट्टी जाणार, आणि घरात कुणी वाचलंच नव्हतं. (पुरुषमंडळी फक्त बाजारभाव बघतात.)

राष्ट्रीय महामार्ग अधिनियम, १९५६ प्रमाणे राजपत्रात अधिसूचना निघाल्यापासून २१ दिवसांत लेखी हरकत घ्यावी लागते. पेपर दोन महिन्यांपूर्वीचा! वहिनीच्या डोळ्यांत पाणीच आलं.

पण मोबदला कमी ठरला तर लवादाकडे दाद मागता येते, बरं का. शिवाय पूर्वी महामार्गात जमीन गेलेल्यांना दिलासा रक्कम आणि व्याज नाकारणारं कलम होतं. २०१९ साली तरसेम सिंग खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने ते तेवढ्यापुरतं घटनाबाह्य ठरवलं. शेतकरी कोर्टात गेले म्हणूनच ना!

मग सातबारा काढला. वडिलांच्या मागे एकट्या दादाचं नाव. म्हणजे चेकही त्याच्याच नावे निघणार. रात्रभर संकोच वाटला, सकाळी चहा देताना म्हटलं, “दादा, वारसनोंदीचा अर्ज आपण दोघं मिळून करू.” तो जरा गप्पच झाला. दुपारी मात्र तलाठ्याकडे सोबत आला.