रामायण, मेड इन जपान

बॉस, पंचावन्नाव्या वर्षी कुणी नवीन करिअर सुरू करतं का? आपल्याकडे त्या वयात पीएफचा हिशोब चालू असतो. युगो साको नावाच्या जपानी माणसाने मात्र नेमकं तेच केलं. १९८३ मध्ये तो भारतात आला तो पुरातत्त्वज्ञ डॉ. बी. बी. लाल यांच्या उत्खननावर ‘द रामायण रेलिक्स’ ही डॉक्युमेंटरी करायला. आला आणि रामकथेच्या चक्क प्रेमातच पडला! राम म्हणजे देव, तो नटापेक्षा चित्रातच शोभेल, हा त्याचा साधा फंडा.

पण इथे लगेच टेन्शन. परदेशी माणूस रामाचं कार्टून करणार म्हटल्यावर विश्व हिंदू परिषदेने विरोध नोंदवला. पुढे गैरसमज मिटले, पण आपल्या सरकारची साथ काही मिळाली नाही. मग साकोने जपानमध्येच काम उभं केलं. सोबतीला दोन सहदिग्दर्शक, कोइची सासाकी आणि आपल्या मुंबईचे राम मोहन. साडेचारशेच्या आसपास कलाकार, हाताने काढलेली लाखभर चित्रं, आणि १९९२ मध्ये सव्वादोन तासांचा सिनेमा तयार. धोतर कसं नेसतात, नमस्कार कसा करतात, हेसुद्धा जपानी चित्रकारांना भारतीय मंडळींनी शिकवलं.

हे सगळं आठवायचं कारण अल्लीपूर. हिंगणघाट तालुक्यातलं माझ्या मामाचं गाव. बारावीतला मामेभाऊ मोबाइलवर अॅनिमे बघतो आणि फिजिक्सच्या वहीत मागून पुढे चित्रं काढत येतो. मामी जाम वैतागलेली. “कार्टून काढून पोट भरते का कोणाचं? तूच सांग बाई याले!”

मामीचा प्रश्न फालतू नाही. साकोचा सिनेमा तयार झाला तेव्हा अयोध्येवरून देश तापला होता. थिएटरमध्ये त्याला धड जागाच मिळाली नाही. पोरांनी तो पुढे टीव्हीवर बघितला आणि डोक्यावर घेतला. साको २०१२ मध्ये गेला, राम मोहन २०१९ मध्ये. सिनेमा नव्या फोर-के प्रिंटमध्ये आपल्या थिएटरांत झळकला जानेवारी २०२५ मध्ये. टाळ्या ऐकायला दोघेही नव्हते.

मग पोट कशावर भरायचं? उत्तर राम मोहन यांच्या बायोडेटात आहे. १९५६ मध्ये ते फिल्म्स डिव्हिजनच्या कार्टून विभागात लागले, डिस्नेच्या क्लेअर वीक्सकडे धडे घेतले. पुढे स्वतःचा स्टुडिओ काढला. जाहिराती केल्या, ‘भुवन शोम’ आणि ‘शतरंज के खिलाडी’मधले अॅनिमेशनचे तुकडे केले, युनिसेफसाठी ‘मीना’ घडवली. रामायण हातात आलं तेव्हा तीसेक वर्षांची रोजची मजुरी गाठीशी होती. २०१४ मध्ये पद्मश्री मिळाली. म्हणजे पोट भरतं मामी, पण स्वप्नावर नाही, रोजच्या कामावर.

भावाची वही मी नीट बघितली. सगळी पोरं टोकदार केसांची, मोठ्या डोळ्यांची. म्हटलं, “हे जपानमध्ये हजारो जण तुझ्याहून भारी काढतात. कापूस वेचणारी बाई कमरेत कशी वाकते, ओटीत बोंडं कशी टाकते, ते काढ. त्यांना धोतर शिकवायला माणसं लागली. तुला हे सगळं फुकटात दिसतंय.”

तो गप्प झाला. दुसऱ्या दिवशी वही घेऊन वावरात गेला. आठ-दहा चित्रं फसली. एकात मात्र मामी चक्क मामीसारखी वाकली होती. मामीने ते चित्र बराच वेळ बघितलं आणि “कंबर एवढी जाड हाय का माही?” एवढंच विचारलं. परवानगी अजून मिळालेली नाही. पण चित्र कपाटात साड्यांखाली गेलंय, रद्दीत नाही.

तुमच्याही घरात असा एखादा वहीवाला असेल. त्याला ‘पॅशन फॉलो कर’ वगैरे डोस पाजू नका. पेन्सिलींचा एक डबा घेऊन द्या आणि महिन्याने विचारा, किती संपल्या?