कळलावी: फूल पाहावे, कंद उपटू नये

पावसाळ्यात रानाच्या कडेला आणि कुंपणावर कळलावी फुलते. पानांच्या टोकांच्या तणाव्यांनी ती झुडपांवर चढते. मागे वळलेल्या तिच्या सहा पाकळ्या आधी पिवळ्या असतात, मग लालभडक होतात. नांगरासारख्या कंदामुळे आयुर्वेदात तिला 'लांगली' म्हणतात आणि उपविषांत गणतात.

प्रसूतीच्या कळा याव्यात म्हणून हा कंद वापरला जाई; त्यावरूनच तिचे मराठी नाव पडले. हा उपाय आज कोणी सुचवला, तर ठाम नकार द्यायला हवा. कंदातील कोल्चिसिन पेशींचे विभाजन रोखते. कंद पोटात गेल्यास उलट्या-जुलाब होतात, अवयव निकामी होऊन मृत्यूही ओढवतो. हेच द्रव्य गाऊट या सांधेदुखीवर औषध आहे, पण अगदी काटेकोर मात्रेत. कंदातली मात्रा घरी मोजता येत नाही.

औषधासाठी रानातली वेल उपटण्याचीही गरज नाही. कोल्चिसिन बियांतही असते आणि तमिळनाडूतील शेतकरी बियांसाठीच कळलावी लावतात. बी काढले तरी कंद जमिनीत राहतो, पुढच्या पावसात पुन्हा फुटतो. मात्र लागवडीचे कंद रोपवाटिकेत तयार झालेले हवेत. तेही रानातूनच खणले, तर शेती वाढेल आणि रान ओसाड होईल.