इस्लाम आणि लोकशाही : ट्युनिशिया काय शिकविते?

‘इस्लाम आणि लोकशाही यांचे कधी जुळावयाचे नाही’ हे वाक्य तुमच्या कानांवर अनेकदा पडले असेल. चहाच्या दुकानात, आगगाडीच्या डब्यात, आणि खरे सांगावयाचे तर आपल्या वस्तीतील ओट्यावरही ते ऐकू येते. बोलणाराने कुराण वाचलेले नसते आणि राज्यघटनाही वाचलेली नसते. निकाल मात्र तयार असतो. हे वाक्य ऐकून आपण मान डोलवावी काय? माझे उत्तर असे की, तपासल्यावाचून मुळीच डोलवू नये. एखाद्या समाजाच्या जन्माकडे किंवा धर्माकडे बोट दाखवून ‘हे लोक स्वराज्यास अपात्र’ असा शिक्का मारण्याची रीत आपणांस नवी नाही. तो शिक्का पिढ्यान्‌पिढ्या आपल्याच कपाळी होता. ज्याने तो चटका सोसला, त्यानेच तो तापलेला शिक्का उचलून दुसऱ्याच्या कपाळी लावावा, यासारखी विटंबना नाही.

परंतु शिक्का मारावयाचा नाही याचा अर्थ डोळे मिटावयाचे असा नव्हे. प्रश्न खरा आहे आणि तो पुराव्यानेच सोडविला पाहिजे. यासाठी मी तुमच्यापुढे एका लहान देशाची हकीगत ठेवतो. उत्तर आफ्रिकेतील ट्युनिशिया हा तो देश. तेथील बहुतेक सारी प्रजा मुसलमान आहे. 20 मार्च 1956 रोजी तो फ्रेंच सत्तेतून मुक्त झाला. पुढे त्याच वर्षाच्या 14 ऑक्टोबरला नागपूरच्या भूमीवर काय घडले, हे तुम्हांस सांगावयास नको.

स्वातंत्र्यानंतर पाच महिनेही झाले नव्हते, तोच 13 ऑगस्ट 1956 रोजी हबीब बुर्गिबा यांच्या सरकारने विवाह व कुटुंब यांविषयीचा नवा कायदा जाहीर केला. बहुपत्नीकत्व बंद झाले. पुरुषाने तोंडाने तलाक उच्चारून बायकोस घराबाहेर काढावयाची सोय संपली. घटस्फोट न्यायालयातच व्हावा आणि तो मागण्याचा अधिकार स्त्रीसही असावा, असे ठरले. हे सारे इस्लामचा त्याग करून झाले नाही, तर धर्मग्रंथाचा नवा अर्थ लावण्याचा अधिकार आम्हांस आहे, असे सांगून झाले. त्यास आधारही होता. झैतुना या जुन्या धर्मविद्यापीठात शिकलेला आणि कामगार चळवळीत वावरलेला ताहर हद्दाद या तरुणाने 1930 सालीच शरियत व समाज यांतील स्त्रीच्या स्थानावर पुस्तक लिहून असाच विचार मांडला होता. त्याबद्दल धर्मपंडितांनी त्याची निर्भर्त्सना केली आणि 1935 साली तो उपेक्षेतच मरण पावला. जिवंतपणी ज्याला वाळीत टाकले, त्याचेच म्हणणे एकवीस वर्षांत देशाचा कायदा होऊ लागले. आपल्या महाराष्ट्रात हमीद दलवाई यांनी 1970 साली मुस्लिम सत्यशोधक मंडळ स्थापन केले, त्यामागेही हीच तळमळ होती.

मग ट्युनिशियात लोकशाही आली काय? नाही. येथेच पहिला धडा आहे. ज्या बुर्गिबांनी स्त्रियांस न्याय दिला, तेच 1975 साली तहहयात अध्यक्ष झाले. 1987 साली बेन अली यांनी त्यांना दूर सारले आणि पुढील तेवीस वर्षे पोलिसांच्या बळावर राज्य केले. या काळात राज्यकर्ते मुल्ला नव्हते. ते सुधारणेची भाषा बोलत, फ्रेंच पद्धतीचा पोशाख करीत. तरीही मुद्रणस्वातंत्र्य नव्हते, निवडणूक म्हणजे नुसता देखावा होता. धर्माचा पगडा सैल झाला म्हणजे लोकशाही आपोआप उगवते, हा समज या एका उदाहरणानेच खोटा ठरतो. वरून दिलेली सुधारणा मोलाची असते. परंतु देणाराचा हात तसाच मोकळा राहिला, तर तो उद्या काढूनही घेऊ शकतो.

मग लोकशाही कशावर उभी राहते? एका बाजूस सरकार आणि दुसऱ्या बाजूस एकटे कुटुंब, यांच्या मध्ये ज्या संस्था लोक आपल्या इच्छेने, आपल्या वर्गणीने व आपल्या नियमांनी चालवितात, त्यांवर ती उभी राहते. कामगारांचा संघ, वकिलांचे मंडळ, स्त्रियांची संघटना, वाचनालय, वृत्तपत्र, या साऱ्यांस मिळून नागरी समाज म्हणतात. ज्या देशात हा मधला थर नाही, तेथे नागरिक राज्यसत्तेपुढे वाऱ्यावरच्या पाचोळ्यासारखा असतो.

ट्युनिशियात हा थर होता. फरहात हशाद यांनी 1946 साली तेथील कामगारांचा राष्ट्रीय महासंघ उभारला. 1952 साली हशाद यांचा खून झाला, पण संघटना टिकली. 26 जानेवारी 1978 रोजी तिने सार्वत्रिक संप पुकारला तेव्हा सरकारने गोळ्या चालविल्या आणि पुढाऱ्यांस तुरुंगात टाकले. हुकूमशाहीच्या काळात वरचे पुढारी अनेकदा नमले हेही खरे. परंतु गावोगावच्या शाखांची दारे उघडी राहिली. 17 डिसेंबर 2010 रोजी सीदी बुझीद या गावी मोहम्मद बुअझीझी या हातगाडीवाल्या तरुणाने अधिकाऱ्यांच्या जाचास कंटाळून स्वतःस पेटवून घेतले, तेव्हा संतप्त लोकांस एकत्र जमण्यास याच शाखांची कार्यालये उपयोगी पडली. 14 जानेवारी 2011 रोजी बेन अली देश सोडून पळाले.

त्याच वर्षी 23 ऑक्टोबरला घटना समितीची निवडणूक झाली. 217 पैकी 89 जागा एन्नाहदा या इस्लामी पक्षास मिळाल्या. ‘आता शरियत येणार’ असे भय अनेकांस वाटले. मार्च 2012 मध्ये पक्षाने शरियतचा उल्लेख घटनेत घालण्याचा आग्रह सोडला. परंतु त्याच वर्षी एका मसुद्यात स्त्री ही पुरुषाची पूरक, अशा अर्थाचे शब्द आले. पूरक म्हणजे समान नव्हे, हे तेथील स्त्रियांनी तत्काळ ओळखले. 13 ऑगस्ट 2012 रोजी, म्हणजे जुन्या कायद्याच्या वाढदिवशीच, हजारो स्त्रिया रस्त्यावर आल्या. त्यांत डोईवर रुमाल बांधलेल्या होत्या आणि न बांधलेल्याही होत्या. ते शब्द मागे घ्यावे लागले.

नंतरचे वर्ष रक्ताचे गेले. 6 फेब्रुवारी 2013 रोजी शोक्री बेलाईद आणि 25 जुलै रोजी मोहम्मद ब्राहमी, या डाव्या विचारांच्या दोन पुढाऱ्यांचे खून पडले. देश यादवीच्या काठावर आला. त्याच जुलै महिन्यात इजिप्तमध्ये काय झाले ते आठवा. तेथेही इस्लामी पक्ष निवडून आला होता, तेथेही लोक रस्त्यावर आले होते. परंतु निवाडा केला तो लष्कराने. 3 जुलै 2013 रोजी सेनापतींनी अध्यक्षास कैद केले आणि ऑगस्टमध्ये कैरोत शेकडो निदर्शकांची कत्तल झाली. ट्युनिशियात मात्र कामगार महासंघ, मालकांचा संघ, वकिलांचे मंडळ आणि मानवी हक्कांची संघटना या चौघांनी मिळून पक्षांस एका मेजाभोवती बसविले. कामगार आणि मालक, जे एरवी एकमेकांचे प्रतिपक्षी, ते देशासाठी एकत्र आले. एन्नाहदाच्या सरकारने तडजोडीनुसार राजीनामा दिला, आणि 26 जानेवारी 2014 रोजी नवी घटना 200 मतांनी संमत झाली. विरुद्ध मते 12 पडली. देशाचा धर्म इस्लाम म्हणून नोंदला गेला, पण राज्य नागरी असेल, श्रद्धेचे व सदसद्विवेकाचे स्वातंत्र्य राहील आणि कोणी कोणास काफिर ठरवून त्याच्यावर लोकांस चिथावणार नाही, अशी हमीही तीत आली. त्या चार संस्थांस 2015 चे नोबेल शांतता पारितोषिक मिळाले.

वाचकहो, येथे थोडे थांबा. इजिप्त आणि ट्युनिशिया या दोन्ही देशांचा धर्म एक, भाषा एक, संकटही एकाच महिन्यातले. निकाल मात्र भिन्न. धर्म हेच जर एकमेव कारण असते, तर निकाल सारखाच लागावयास हवा होता. भेद होता तो मधल्या थराचा. एकीकडे निवाडा करावयास बंदूक पुढे आली, दुसरीकडे सभासदांच्या वर्गणीवर उभ्या राहिलेल्या संस्था पुढे आल्या.

कोणी आक्षेप घेईल की, हे सारे खरे असले तरी ट्युनिशियाची लोकशाही आज कोठे आहे? आक्षेप रास्त आहे आणि त्यास बगल देऊन चालणार नाही. 2019 साली कैस सईद हे घटनाशास्त्राचे अध्यापक मोठ्या बहुमताने अध्यक्ष झाले. 25 जुलै 2021 रोजी त्यांनी संसद गोठविली व पंतप्रधानांस काढले. 2022 साली त्यांनी स्वतःची घटना सार्वमताने आणली. तीस टक्क्यांच्या आसपासच मतदार मतदानास गेले. एन्नाहदाचे नेते राशिद घन्नुशी यांस एप्रिल 2023 मध्ये अटक झाली. मे 2024 मध्ये पोलीस वकिलांच्या मंडळाच्या इमारतीत शिरले. नोबेल मिळविणाऱ्या चौघांपैकीच एकाचे ते घर!

पण लोकशाहीचा गळा कोणी आवळला हे नीट पाहा. आवळणारा हात धर्मपक्षाचा नव्हता; धर्मपक्षाचा पुढारी तर तुरुंगात गेला. आवळणारा मनुष्य कायद्याचा जाणकार होता आणि निवडून आलेला होता. धर्माची भाषाही नंतर त्यानेच वापरली : इस्लामची उद्दिष्टे साध्य करण्याचे काम एकट्या राज्याचे, असे कलम त्याच्या घटनेत आहे. धर्म राज्यावर स्वार झाला नाही. राज्यच धर्मावर स्वार झाले. पहिल्या भयाचीच जागरूकता सारे बाळगीत राहिले आणि दुसरे भय मागल्या दाराने आत आले.

हे शक्य कसे झाले? लोक बेकारीने व पक्षांच्या भांडणांनी विटले होते; संसद गोठली त्या रात्री कित्येकांनी रस्त्यावर आनंद केला. आणखी एक कारण अधिक बोलके आहे. 2014 च्या घटनेने घटना न्यायालय वर्षभरात स्थापावयास सांगितले होते. पक्षांनी आपापली माणसे बसविण्याच्या हट्टापायी ते सात वर्षांतही स्थापिले नाही. अध्यक्षाने आणीबाणीचे कलम वापरले, तेव्हा ‘हे नियमास धरून आहे काय’ असे विचारावयास गादीवर न्यायाधीशच नव्हता. आणि ज्या कामगार महासंघावर सर्वांची भिस्त, त्यानेही 2021 च्या जुलैतच आपल्या पदाधिकाऱ्यांस दोनांहून अधिक मुदती मिळाव्यात म्हणून स्वतःचा नियम बदलून घेतला. जी संस्था घरात नियम वाकविते, तिचा आवाज राजाने नियम मोडल्यावर खणखणीत निघत नाही.

आता मूळ वाक्याकडे वळू. ‘इस्लाम आणि लोकशाही यांचे जुळत नाही’ हे विधान ट्युनिशियाच्या कसोटीस उतरत नाही. आणि ‘आपोआप जुळते’ हेही उतरत नाही. कोणताही धर्म स्वतःहून लोकशाही आणीत नाही. अनुयायांच्या हाती मधल्या संस्था असतील, त्या संस्था स्त्रियांस व दुर्बलांस बोलू देत असतील आणि स्वतःचे नियम पाळीत असतील, तर धर्म लोकशाहीस सोबत करतो. एरवी तो सत्तेच्या हातची काठी होतो. ही गोष्ट मुसलमानांस लागू आहे, हिंदूंस लागू आहे, आणि बंधुभगिनींनो, आपणांसही लागू आहे. बहुसंख्य बौद्ध असलेल्या म्यानमारात 2021 साली लष्कराने सत्ता बळकाविली, हे विसरून आपण केवळ धर्माच्या नावाने निर्धास्त राहू शकत नाही.

25 नोव्हेंबर 1949 रोजी घटना समितीत बाबासाहेबांनी दोन गोष्टी सांगितल्या होत्या. भिक्षूंच्या संघात ठराव, गणपूर्ती आणि मतदान यांचे नियम होते, ही पहिली. आणि राजकारणातील भक्ती हुकूमशाहीकडे नेते, ही दुसरी. ट्युनिशियाने या दोन्ही गोष्टी आपल्या देहावर सिद्ध करून दाखविल्या आहेत.

दीक्षा घेऊन तुम्ही सदसद्विवेकाचे स्वातंत्र्य वापरले. ते टिकवावयाचे असेल तर आपल्या विहाराच्या समितीकडे पाहा. तिची निवडणूक वेळेवर होते काय? वर्गणीचा हिशेब सभेपुढे वाचला जातो काय? स्त्रिया केवळ वंदनेस येतात, की ठरावावर बोलतात व मतही देतात? तोच अध्यक्ष वर्षानुवर्षे बसला असेल, तर ‘आता दुसऱ्यास संधी द्या’ असे म्हणावयाचे धैर्य तुमच्यात आहे काय? या प्रश्नांची उत्तरे प्रथम द्या. शेजाऱ्याच्या धर्मास लोकशाही पेलेल की नाही, याचा निवाडा करावयास नंतर पुष्कळ वेळ आहे.