उतरणाऱ्या समाधीचे मोल

हार्वर्ड विद्यापीठात मानसशास्त्र शिकविणाऱ्या रिचर्ड अल्पर्ट यांनी १९६१ साली विशिष्ट अळंब्यांत आढळणारे सायलोसायबिन प्रथम घेतले. प्राध्यापक, पुत्र, प्रतिष्ठित नागरिक ही आपली सारी रूपे गळून पडत आहेत आणि तरीही पाहणारा कोणी तरी उरला आहे, असे त्यांना त्या रात्री जाणवले. वेदान्ताचा गंध नसलेल्या माणसाला हे दिसावे, ही सामान्य गोष्ट नव्हे. परंतु काही तासांत नशा उतरे आणि जुना अल्पर्ट पुन्हा हजर होई. एल.एस.डी.चे प्रयोग वाढले, १९६३ मध्ये विद्यापीठाने त्यांना काढून टाकले. उतरणे काही थांबले नाही.

ही द्रव्ये मेंदूतील सेरोटोनिनच्या व्यवहारात हस्तक्षेप करतात. ‘मी’पणाची सीमा सैलावते, काळाचे भान सुटते. जॉन्स हॉपकिन्स विद्यापीठाच्या २००६ मधील अभ्यासात ३६ स्वयंसेवकांपैकी सुमारे दोन तृतीयांश जणांनी हा अनुभव आयुष्यातील सर्वांत अर्थपूर्ण पाच अनुभवांत गणला. मात्र सुमारे एक तृतीयांश जणांना तीव्र भयानेही ग्रासले, तेही पूर्वतयारी झालेली आणि जाणकार शेजारी बसलेले असताना! ज्यांच्या कुटुंबात स्किझोफ्रेनियासारखा आजार आहे, त्यांना अशा चाचण्यांत सहसा घेतच नाहीत. आपल्याकडे यालाच अधिकारभेद म्हणतात. गोव्यात हणजूणच्या किनाऱ्यावर ॐ आणि शिवाची चित्रे टांगून ज्या रात्री रंगत आल्या, तेथे हा अधिकार कोण तपासणार होते?

पतंजलींनी कैवल्यपादाच्या आरंभीच सिद्धींच्या पाच उगमांत औषधी गणली आहे. ते लपविण्याचे कारण नाही. पण त्याच योगसूत्रांतील विभूतिपादात सिद्धींना समाधीतील विघ्न म्हटले आहे, याचा विसर औषधीचे नाव आवडीने घेणाऱ्यांना पडतो.

१९६७ मध्ये अल्पर्ट भारतात आले. कुमाऊंच्या डोंगरांत त्यांना नीमकरोली बाबा भेटले. बाबांनी एल.एस.डी.ची जबर मात्रा मागून घेतली आणि काहीच घडले नाही, असे अल्पर्ट यांनीच लिहून ठेवले आहे. बाबांनी त्यांना रामदास हे नाव दिले. महाराष्ट्राला समर्थ आठवतील. येथे मात्र अभिप्रेत होता हनुमंतासारखा रामाचा सेवक. त्या द्रव्यांची निंदा त्यांनी पुढेही केली नाही, पण भर दिला तो नामस्मरणावर आणि सेवेवर. अंधत्व निवारणासाठी १९७८ मध्ये स्थापन झालेल्या सेवा फाउंडेशनच्या संस्थापकांत ते होते. १९९७ मध्ये पक्षाघाताने वाणी अडखळू लागली, तरीही २०१९ मध्ये देह ठेवीपर्यंत ते शिकवीत राहिले.