सहकारी बँकेतील नोकरभरतीवर नजर कोणाची?
जिल्हा बँकेच्या भरतीत घोळ झाला, तर दाद कुठे मागायची? २०२० च्या कायदादुरुस्तीने रिझर्व्ह बँकेचे अधिकार वाढले, पण लिपिक-शिपाई निवडतं संचालक मंडळच. सहकार खात्याकडे १९६० च्या राज्य सहकार कायद्यातील कलम ८३ ची चौकशी आणि कलम ८८ ची नुकसानवसुली आहे, तीही भरती उरकल्यावर. कोर्टाचा रस्ताही अरुंद: हिमाचलच्या कांगडा मध्यवर्ती बँकेच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने २००६ मध्ये ही बँक ‘राज्य’ नसल्याचं ठरवलं, त्यामुळे अशा बँकांविरुद्धची रिट याचिका सहसा टिकत नाही. लेखी परीक्षा बाहेरच्या संस्थेने घेतली, तरी मुलाखतीचे गुण संचालकांच्या हाती राहिले की वशिल्याला दार उघडंच. प्रत्येक उमेदवाराचे गुण संकेतस्थळावर टाकण्याचा आदेश कलम ७९-अ खाली सरकारने आताच काढावा.